पंकचा वारसा : अवशेष आणि रीत

ब्रिटिश पंक रॉकचा इतिहास बहुधा वेशभूषेपासून सांगितला जातो : फाटके कपडे, सेफ्टी पिना, ताठ उभारलेले रंगीत केस. आमच्या मते तो निर्मितीच्या साधनांपासून वाचायला हवा.

१९७६ साली ब्रिटन महागाई आणि बेकारीने गांजलेला होता. सरकारला आंतरराष्ट्रीय नाणेनिधीकडे कर्ज मागावे लागले. रॉक संगीत मात्र भव्य सभागृहांत आणि वादनकौशल्याच्या प्रदर्शनात रमले होते. ४ जून १९७६ रोजी मँचेस्टरच्या लेसर फ्री ट्रेड हॉलमध्ये ‘सेक्स पिस्टल्स’ गायले, तेव्हा श्रोते मोजकेच होते. परंतु त्यांतील पीटर हुक आणि बर्नार्ड समनर यांनी पुढे ‘जॉय डिव्हिजन’ उभारला. कार्यक्रमाचे आयोजक हॉवर्ड डेव्होटो व पीट शेली यांच्या ‘बझकॉक्स’ने जानेवारी १९७७ मध्ये उसन्या पैशांतून ‘स्पायरल स्क्रॅच’ ही तबकडी स्वतःच प्रकाशित केली. कोणते गाणे कितव्या प्रयत्नात मुद्रित झाले, हेही तिच्या वेष्टनावर छापले होते. जुलै १९७६ मध्ये मार्क पेरी यांनी सुरू केलेले ‘स्निफिन ग्लू’ हे टंकलिखित, झेरॉक्स केलेले अनियतकालिकही त्याच वृत्तीचे. निर्मितीचे गूढ उकलून दाखवणे म्हणजे श्रोत्याला निर्माता होण्याचे आमंत्रण देणेच होते.

हा इतिहास निष्कलंक नाही. केवळ धक्का देण्यासाठी काहींनी स्वस्तिकाचे नाझी चिन्ह मिरवले. मात्र वंशवादाविरुद्ध उभ्या राहिलेल्या ‘रॉक अगेन्स्ट रेसिझम’च्या ३० एप्रिल १९७८ च्या लंडनमधील मेळ्यात ‘द क्लॅश’ आणि पॉली स्टायरिनचा ‘एक्स-रे स्पेक्स’ कृष्णवर्णीयांच्या ‘स्टील पल्स’ या रेगे वाद्यवृंदासोबत एकाच मंचावर होते. चिन्हांशी खेळणाऱ्यांना अखेर चिन्हांच्या अर्थाची जबाबदारी घ्यावी लागते, हे साहित्याच्या अभ्यासकाने येथे विशेषत्वाने लक्षात घ्यावे.

१९७७ मध्ये राणीच्या रौप्यमहोत्सवी वर्षात बीबीसीने ‘गॉड सेव्ह द क्वीन’ या पंकगीतावर बंदी घातली. पुढे तेच बंड संग्रहालयांत आदराने मांडले गेले. नोव्हेंबर २०१६ मध्ये, पंकची चाळिशी साजरी होत असताना, ‘सेक्स पिस्टल्स’चे व्यवस्थापक माल्कम मॅक्लॅरेन आणि वेशभूषाकार व्हिव्हियन वेस्टवुड यांचे पुत्र जो कोरे यांनी आपला पंकसंग्रह थेम्स नदीवर जाळून टाकला, त्यांच्या म्हणण्यानुसार त्याची किंमत पन्नास लाख पौंड होती.

जळाले ते अवशेष. अनुमतीची वाट न पाहता स्वतः छापण्याची, स्वतः ध्वनिमुद्रित करण्याची रीत जळण्याजोगी नव्हती, आणि पंकचा वारसा आम्ही तिलाच मानतो.