गाणं राहिलं, गाणारी विसरली गेली

शांता हुबळीकर हे नाव आपल्या पिढीतल्या किती जणांना माहीत आहे? १९३९ साली पुण्याच्या प्रभात फिल्म कंपनीचा 'माणूस' आला. व्ही. शांताराम यांच्या या सिनेमात वेश्या मैनाची भूमिका शांताबाईंनी केली. 'कशाला उद्याची बात' हे त्यांचं गाणं घरोघरी पोचलं. पुढे आत्मचरित्रालाही त्यांनी तेच नाव दिलं. पण ऐन भरातली कारकीर्द थोड्याच वर्षांत ओसरली. शेवटचे दिवस वृद्धाश्रमात गेले आणि १९९२ साली त्या वारल्या.

सिनेमात गणपत हा पोलीस मैनाशी संसार मांडायला तयार असतो. तो तिला आईकडे नेतो, पण मैनाच मागे फिरते. आपली लायकी नाही, हे तिच्या मनात खोल रुजलेलं असतं. शेवटी तिच्या हातून मामाचा खून होतो आणि ती तुरुंगात जाते. प्रेक्षक हळहळतो. पण ही 'लायकी' ठरवली कोणी, हा प्रश्न तसाच राहतो.

त्याच्या तीनच वर्षं आधी, १६ जून १९३६ रोजी, बाबासाहेब परळच्या दामोदर हॉलमध्ये देवदासी, मुरळी, जोगतिणी आणि कामाठीपुऱ्यातल्या महार स्त्रियांशी बोलले. हे जिणं सोडा, असं त्यांनी बजावलं. शब्द कठोर होते. ते झाकायचं कारण नाही. पण त्यामागे एक ठाम विश्वास होता: या स्त्रिया ते सोडू शकतात. पडद्यावरची मैना नशिबापुढे हरली. बाबासाहेबांनी समोरच्या स्त्रीला स्वतःचा निर्णय घेणारी माणूस मानलं. कलंक बाईच्या अंगाला नसतो, तो समाजाच्या नजरेत असतो. जातीचंही तसंच आहे.

कोणी म्हणेल, शांताबाई काही आपल्या चळवळीतल्या नव्हत्या. खरं आहे. पण गाणं उचलायचं आणि गाणारीला विसरायचं, ही रीत आपल्यातही आहे. १४ एप्रिलला दौलताबादपासून मुंबईपर्यंत भीमगीतं वाजतात. ती गाणाऱ्या किती गायिकांची नावं आपण सांगू शकतो? जलशात, गायन पार्टीत आयुष्य घालवलेल्या किती आजी आज औषधालाही महाग आहेत?

मित्रांनो, यंदा डीजेचा खर्च थोडा कमी करा. आपल्या वस्तीतल्या जुन्या गायिकेकडे जा. तिचं नाव, गाव, गाणी लिहून काढा, तिचा आवाज मोबाईलवर रेकॉर्ड करा. वृद्ध कलावंतांसाठी शासनाचं मानधन आहे, त्याचा अर्ज तिला भरून द्या. इतिहास कोणीतरी लिहील, म्हणून वाट बघत बसू नका.

जय भीम!