पिस्तूल की रिव्हॉल्व्हर? : क्रांतिकार्याच्या इतिहासलेखनातील एका शब्दभेदाचे महत्त्व

प्रस्तावना

सशस्त्र क्रांतिकारकांविषयीच्या मराठी लेखनात एकाच शस्त्राला एका परिच्छेदात ‘पिस्तूल’ आणि पुढच्या परिच्छेदात ‘रिव्हॉल्व्हर’ म्हटलेले अनेकदा आढळते. सामान्य वाचकाला त्यात वावगे वाटत नाही. इतिहासाच्या अभ्यासकाला मात्र हा भेद नजरेआड करून चालणार नाही. कारण शस्त्राचा प्रकार हा स्वतःच एक पुरावा असतो. प्रस्तुत निबंधात एका हाताने चालविता येणाऱ्या बंदुकांचे मूलभूत प्रकार सांगून, नाशिक (१९०९) व कलकत्ता (१९१४) येथील दोन घटनांच्या आधारे हा मुद्दा स्पष्ट करण्याचा प्रयत्न केला आहे.

शस्त्रांचे तीन प्रकार

पहिला प्रकार एकबारी पिस्तुलाचा. नळीत दारू व गोळी ठासून एकच बार काढता येत असे आणि नंतर सारी क्रिया पुन्हा करावी लागे. गारगोटीच्या ठिणगीवर चालणारी पिस्तुले याच प्रकारची होत.

दुसरा प्रकार रिव्हॉल्व्हरचा. सॅम्युअल कोल्ट यांनी १८३५ मध्ये इंग्लंडमध्ये व १८३६ मध्ये अमेरिकेत त्याचे पेटंट घेतले. यात नळीच्या मागे एक फिरता दंडगोल असतो. त्यात साधारणतः पाच किंवा सहा कप्पे असतात आणि प्रत्येक बारानंतर पुढचा कप्पा नळीसमोर येतो. आरंभी प्रत्येक कप्प्यात दारू व गोळी स्वतंत्रपणे भरावी लागे. धातूच्या काडतुसांवर चालणारे रिव्हॉल्व्हर स्मिथ अँड वेसन यांनी १८५७ मध्ये बाजारात आणले. बार झाल्यावर रिकामे काडतूस कप्प्यातच राहते, हे येथे लक्षात ठेवावे.

तिसरा प्रकार एकोणिसाव्या शतकाच्या अखेरच्या दशकात पुढे आला. यात बाराच्याच जोराने रिकामे काडतूस बाहेर फेकले जाते व साठ्यातील नवे काडतूस नळीत येते. जर्मनीतील माउझर कंपनीच्या १८९६ च्या पिस्तुलात हा साठा चापाच्या पुढे होता. जॉन ब्राउनिंग यांच्या रचनेवरून बेल्जियममध्ये तयार झालेल्या पिस्तुलांत तो मुठीत बसविलेला होता. तत्कालीन कागदपत्रांत यांना ‘स्वयंचलित’ म्हटले असले, तरी प्रत्येक बारासाठी चाप ओढावाच लागत असल्याने ‘अर्धस्वयंचलित’ हीच संज्ञा अधिक यथार्थ ठरते.

नाशिक, १९०९

१८७८ च्या शस्त्र कायद्यामुळे हिंदी माणसाला परवान्याशिवाय शस्त्र बाळगता येत नव्हते. अशा परिस्थितीत विनायक दामोदर सावरकर यांनी लंडनहून चतुर्भुज अमीन यांच्याबरोबर २० ब्राउनिंग पिस्तुले पाठविली. ती एका पेटीच्या दुहेरी तळात दडविलेली होती. येथे शस्त्राचा प्रकार महत्त्वाचा ठरतो. रिव्हॉल्व्हरचा दंडगोल दोन्ही बाजूंना फुगीर असतो. ब्राउनिंग पिस्तूल त्या मानाने चपटे. इतकी शस्त्रे पेटीच्या तळाशी मावली, यामागे हेही एक कारण असावे, असे अनुमान करता येते.

२१ डिसेंबर १९०९ रोजी नाशिकच्या विजयानंद नाट्यगृहात अनंत कान्हेरे यांनी जिल्हाधिकारी जॅक्सन यांच्यावर गोळ्या झाडल्या. त्यांनी वापरलेले शस्त्र ब्राउनिंग बनावटीचे होते. त्या शस्त्राचा माग तपासाला लंडनपर्यंत घेऊन गेला. अमीन माफीचे साक्षीदार झाले. कान्हेरे, कर्वे व देशपांडे यांना १९ एप्रिल १९१० रोजी ठाणे येथे फाशी देण्यात आले आणि सावरकरांना पुढे दोन जन्मठेपांच्या शिक्षा झाल्या. ‘एक रिव्हॉल्व्हर सापडले’ एवढेच लिहिल्यास या साखळीतील महत्त्वाचा दुवाच निखळतो.

कलकत्ता, १९१४

२६ ऑगस्ट १९१४ रोजी कलकत्त्याच्या रोडा कंपनीच्या एका कर्मचाऱ्याने जकात कार्यालयातून २०२ पेट्या सोडवून घेतल्या. गोदामात मात्र १९२ च पोहोचल्या. उरलेल्या दहा पेट्यांत ५० माउझर पिस्तुले व ४६,००० काडतुसे होती. रौलट समितीच्या १९१८ च्या अहवालात या शस्त्राचे एक वैशिष्ट्य नोंदविले आहे. पिस्तुलाची पेटीच मुठीला जोडली की ते खांद्याला लावून रायफलीप्रमाणे चालविता येई. प्रत्येक पिस्तुलाचा क्रमांक कंपनीच्या दप्तरी होता. त्यामुळे ही पिस्तुले दरोडे व खून यांच्या ५४ प्रकरणांत वापरली गेल्याचे आणि त्यांपैकी ३१ परत मिळाल्याचे अहवाल सांगू शकला.

निष्कर्ष

वरील दोन्ही घटनांत शस्त्राची रचना, बनावट व क्रमांक यांवरून माणसांचे परस्परसंबंध उलगडले. साम्राज्याच्या पोलिसांनी हा भेद काटेकोरपणे जपला, कारण त्यावर त्यांचे खटले उभे होते. आपण मात्र त्याच घटनांचा इतिहास लिहिताना तो शब्दांच्या सैलपणात हरवून बसतो. म्हणून मूळ कागदपत्रात जो शब्द असेल तो जसाच्या तसा नोंदवावा, बनावट ज्ञात असल्यास ती द्यावी आणि प्रकार निश्चित नसेल तेथे ‘हातबंदूक’ असा व्यापक शब्द योजावा. एवढी शिस्त पाळली, तरी या विषयावरील आपले लेखन अधिक विश्वसनीय होईल.