भ्रमणध्वनी संचबंधन व संचमुक्ती

भ्रमणध्वनीचा संच एका विशिष्ट सेवा कंपनीच्या जाळ्याखेरीज अन्य जाळ्यावर चालू नये म्हणून त्याच्या आज्ञावलीत जो निर्बंध घातलेला असतो त्यास संचबंधन म्हणतात. तो निर्बंध दूर करून संच कोणत्याही कंपनीच्या सिम कार्डावर चालेल असा करणे म्हणजे संचमुक्ती होय. व्यवहारात यांसाठी ‘सिम लॉक’ व ‘अनलॉक करणे’ हेच शब्द रूढ आहेत. संचबंधन हा वरवर पाहता तांत्रिक तपशिलाचा विषय वाटतो. परंतु विकत घेतलेल्या उपकरणावर मालकी कोणाची, हा जुना प्रश्न त्याच्या मुळाशी आहे. महाराष्ट्रात या प्रश्नाला परवाना-मंडळांच्या सीमांचीही जोड मिळाली आणि कर्जत-खालापूरसारख्या सीमेलगतच्या भागात तिचे परिणाम विशेष स्पष्टपणे दिसून येतात.

पूर्वपीठिका : तारेच्या दूरध्वनीच्या काळात संच हा बहुतेक देशांत सेवा देणाऱ्या संस्थेच्या मालकीचा असे व ग्राहक तो केवळ वापरी. अमेरिकेत बेल कंपनीच्या जाळ्यास परके उपकरण जोडण्यास मनाई होती. टेक्सासमधील टॉमस कार्टर यांनी तयार केलेल्या ‘कार्टरफोन’ या उपकरणावरून वाद उद्‌भवला. जाळ्यास अपाय न करणारे उपकरण जोडण्याचा ग्राहकास अधिकार आहे, असा निर्णय तेथील संघीय संदेशवहन आयोगाने १९६८ मध्ये दिला. संच आणि जाळे या दोन भिन्न वस्तू आहेत, हे तत्त्व या निर्णयाने प्रस्थापित झाले.

यूरोपात १९८२ मध्ये सुरू झालेल्या कार्यातून जीएसएम ही अंकीय भ्रमणध्वनी पद्धती निर्माण झाली व १ जुलै १९९१ रोजी फिनलंडमध्ये तिच्यावरून पहिले संभाषण झाले. ग्राहकाची ओळख संचात न ठेवता ती सिम कार्ड या सुट्या पत्रिकेत ठेवणे, हे या पद्धतीचे वैशिष्ट्य होय. कार्ड एका संचातून काढून दुसऱ्यात घातले की ग्राहकाचा क्रमांक त्याच्याबरोबर जातो. म्हणजे मूळ कल्पनेत संच सर्वस्वी मुक्तच होता. तथापि अनेक देशांत कंपन्या अल्प किंमतीत संच देऊन त्याची उरलेली किंमत मासिक आकारातून वसूल करू लागल्या. स्वस्तात घेतलेला संच ग्राहकाने दुसऱ्या कंपनीकडे नेल्यास ही वसुली बुडेल, या भीतीतून संचबंधनाचा उपाय पुढे आला आणि जीएसएमच्या मानकांतही त्याची तरतूद करण्यात आली.

कार्यपद्धती : प्रत्येक सिम कार्डात जास्तीत जास्त १५ अंकांचा आंतरराष्ट्रीय ग्राहक-ओळख क्रमांक असतो. त्याचे पहिले तीन अंक देश दर्शवितात व पुढील दोन वा तीन अंक जाळे दर्शवितात. भारतास ४०४ व ४०५ हे अंक मिळालेले आहेत. भारतात जाळ्याचा अंक सामान्यतः कंपनी व मंडळ या दोहोंनुसार बदलतो. उदा., ४०४२० हा मुंबई मंडळातील मॅक्स टच, ऑरेंज, हच व व्होडाफोन अशी नावे बदलत गेलेल्या जाळ्याचा क्रमांक आहे, तर ४०४६६ हा भारत संचार निगमच्या महाराष्ट्रातील जाळ्याचा आहे. बंधन घातलेला संच सुरू होताना कार्डावरील हे अंक वाचतो व आपल्या स्मृतीतील अंकांशी ताडून पाहतो. ते जुळले नाहीत, तर तो सेवा नाकारून मुक्तिसंकेत मागतो. आपत्कालीन क्रमांक मात्र तशा स्थितीतही लावता येतो. बंधन संपूर्ण जाळ्यापुरते, जाळ्याच्या एखाद्या भागापुरते, विशिष्ट सेवादात्यापुरते, एखाद्या संस्थेपुरते किंवा अगदी एकाच कार्डापुरतेही घालता येते.

प्रत्येक संचास १५ अंकांचा स्वतंत्र ओळख क्रमांक (आयएमईआय) असतो व तो *#०६# ही कळांची मालिका दाबल्यास पडद्यावर दिसतो. जुन्या संचांपैकी अनेकांत, विशेषतः नोकियाच्या आरंभीच्या मालिकांत, मुक्तिसंकेत हा संचाचा ओळख क्रमांक व जाळ्याचा अंक यांवरून गणिती रीतीने काढलेला असे. ते गणित उघड झाल्यावर संचाला हात न लावताही संकेत काढता येऊ लागला. चुकीचा संकेत ठराविक वेळाच देता येतो. त्यानंतर कळफलकावरून मुक्तीचा मार्ग बंद होतो. अशा वेळी दुरुस्ती करणारे कारागीर संच तारेने संगणकास जोडून त्याच्या स्मृतीतील बंधनाची नोंद बदलीत. या क्रियेसाठी लागणाऱ्या उपकरणास बाजारात नुसते ‘बॉक्स’ व क्रियेस ‘फ्लॅशिंग’ म्हणत. पुढील काळात उत्पादकांनी संकेत गणिताने न काढता यदृच्छ अंकांनी ठरविण्यास व त्यांची नोंद स्वतःकडे ठेवण्यास प्रारंभ केला. त्यामुळे संचमुक्ती बव्हंशी मूळ कंपनीच्या संमतीवर अवलंबून राहू लागली.

महाराष्ट्रातील मंडळे आणि भिवपुरी परिसर : भारतातील पहिले भ्रमणध्वनी संभाषण ३१ जुलै १९९५ रोजी कोलकाता व दिल्ली यांच्या दरम्यान झाले. परवाने मंडळनिहाय देण्यात आले. मुंबई, नवी मुंबई व कल्याण या दूरध्वनी क्षेत्रांचे मिळून मुंबई मंडळ झाले, तर उर्वरित राज्य व गोवा यांचे महाराष्ट्र मंडळ. मुंबई मंडळात आरंभी हचिसन मॅक्स व बीपीएल आणि महाराष्ट्र मंडळात बिर्ला एटी अँड टी व बीपीएल या कंपन्या होत्या.

सह्याद्रीच्या पायथ्याशी असलेले भिवपुरी हे कर्जत तालुक्यातील गाव जलविद्युत् केंद्रासाठी प्रसिद्ध आहे. खोपोलीचे केंद्र १९१५ मध्ये सुरू झाल्यानंतर आंध्र व्हॅली पॉवर सप्लाय कंपनीने ठोकरवाडी धरणाच्या पाण्यावर भिवपुरीचे केंद्र १९२२ मध्ये कार्यान्वित केले. या केंद्रांची वीज मुंबईस जाते आणि नेरळ व कर्जत यांच्या दरम्यान असलेल्या भिवपुरी रोड स्थानकावरून उपनगरी गाड्याही मुंबईस जातात. रेल्वे आणि वीज यांनी हा प्रदेश मुंबईशी जोडला. भ्रमणध्वनीच्या परवान्याने मात्र तो तिच्यापासून वेगळा केला. कल्याण दूरध्वनी क्षेत्राचा ०२५१ हा संकेतांक मागे टाकून गाडी कर्जतच्या ०२१४८ या क्षेत्रात आली, की प्रवासी एका मंडळातून दुसऱ्यात येत असे. खालापूर तालुक्यातील खोपोलीचा संकेतांक ०२१९२ हाही महाराष्ट्र मंडळातीलच. आरंभीच्या वर्षांत मिनिटास ८ रु. ४० पैशांपासून १६ रु. ८० पैशांपर्यंत दर होते व येणाऱ्या संभाषणासही मे २००३ पर्यंत आकार पडे. अशा स्थितीत दररोज मंडळ ओलांडणाऱ्यास परमंडळ सेवेचा (रोमिंगचा) अधिक आकार सोसणे किंवा दोन मंडळांची दोन कार्डे बाळगणे, हे दोनच पर्याय होते. दुसरा पर्याय संच मुक्त असेल तरच साध्य होतो. येथे संचमुक्ती ही चैन नव्हती. ती रोजच्या खर्चाची बाब होती.

भारतात जीएसएम संच ग्राहकाने पूर्ण किंमत देऊन घ्यावा व कार्ड वेगळे घ्यावे, अशी पद्धत आरंभापासून रुळल्याने देशी विक्रीच्या संचांवर बंधन क्वचितच असे. बंधन आले ते परदेशांतून आलेल्या संचांबरोबर. ब्रिटन, अमेरिका इ. देशांतून नातलगांनी आणलेले किंवा जुन्या बाजारात आलेले संच तेथील कंपन्यांना बांधलेले असत. ते सोडवून देण्याचा व्यवसाय मुंबईत लॅमिंग्टन रोड व मनीष मार्केट आणि पुण्यात तपकीर गल्ली अशा बाजारांत वाढला. मात्र बंधन सुटले तरी संच चालेलच असे नसे. भारतातील जीएसएम जाळी ९०० व १,८०० मेगॅहर्ट्‌झ कंप्रतांवर चालत, तर अमेरिकेतील जाळी ८५० व १,९०० मेगॅहर्ट्‌झवर; केवळ अमेरिकी कंप्रता असणारा संच मुक्त होऊनही येथे निरुपयोगी ठरे.

सीडीएमए संच : देशी संचांवर व्यापक प्रमाणात बंधन आले ते सीडीएमए पद्धतीबरोबर. रिलायन्स इन्फोकॉमने जुलै २००३ मध्ये आरंभी केवळ ५०१ रुपये भरून संच देण्याची योजना आणली. टाटा इंडिकॉमची सेवाही याच पद्धतीची होती. यांमुळे भ्रमणध्वनी प्रथमच अल्प उत्पन्नाच्या कुटुंबांच्या आवाक्यात आला. मात्र या आरंभीच्या संचांत सिम कार्ड नव्हते. ग्राहकाचा क्रमांक संचाच्या स्मृतीतच नोंदलेला असे व ती नोंद बदलण्याचा सहा अंकी संकेत कंपनीकडे राही. शिवाय संचाचा विद्युत् क्रमांक जाळ्याच्या यादीत असल्याखेरीज सेवा मिळत नसे. म्हणजे पहिल्या कंपनीने सोडले, तरी दुसऱ्या कंपनीने स्वीकारणे आवश्यक होते. याहून वेगळे असे भौगोलिक बंधनही होते : मूळ दूरध्वनी परवान्यावरील ही सेवा ‘मर्यादित भ्रमण’ म्हणून लहान अंतराच्या आकारक्षेत्रापुरती मान्य करण्यात आली होती. नोव्हेंबर २००३ मध्ये एकीकृत परवाना पद्धती आल्यावर हे बंधन नाहीसे झाले.

या स्वस्ताईची खरी किंमत शेवटी उघड झाली. रिलायन्स कम्युनिकेशन्सने २०१६ मध्ये आपले सीडीएमए ग्राहक नव्या पद्धतीकडे वळविले व २०१७ च्या अखेरीस तिची भ्रमणध्वनी संभाषण सेवाच बंद झाली. टाटांचा ग्राहक भ्रमणध्वनी व्यवसाय २०१९ मध्ये भारती एअरटेलमध्ये विलीन झाला. केवळ सीडीएमएवर चालणाऱ्या सुस्थितीतील संचांना मग जाळेच उरले नाही. जीएसएम संच कंपनी बुडाली तरी कार्ड बदलून चालू राहतो; जाळ्याशी जन्मतः बांधलेला संच जाळ्याबरोबर संपतो.

क्रमांकाची मुक्ती व न्यायनिर्णय : संच मुक्त झाला तरी क्रमांक कंपनीकडेच राहिल्यास ग्राहकाचे स्वातंत्र्य अपुरे राहते. क्रमांक न बदलता कंपनी बदलण्याची सोय हरयाणात नोव्हेंबर २०१० मध्ये व देशभर २० जानेवारी २०११ रोजी सुरू झाली. परंतु ती मंडळापुरतीच होती. मुंबई मंडळातून कर्जतला राहावयास आलेल्या ग्राहकास आपला क्रमांक नव्या मंडळात नेण्यासाठी ३ जुलै २०१५ पर्यंत थांबावे लागले.

ऑगस्ट २००८ मध्ये आयफोन ३जी भारतात एअरटेल व व्होडाफोन यांच्यामार्फत आला. त्याची किंमत ३१,००० रुपयांपासून पुढे होती व तो त्या त्या कंपनीच्या जाळ्याशी बांधलेला होता. या व्यवस्थेविरुद्धच्या तक्रारीवर भारतीय स्पर्धा आयोगाने मार्च २०१३ मध्ये निर्णय देताना स्पर्धा कायद्याचा भंग झाला नसल्याचे ठरविले. याउलट २०१७ मध्ये आलेला जिओफोन १,५०० रुपयांच्या परत मिळणाऱ्या अनामतीवर दिला गेला व तो केवळ त्याच कंपनीच्या जाळ्यावर चाले. सवलतीच्या मोबदल्यात बंधन हा युक्तिवाद दुसऱ्या उदाहरणास लागू पडतो. पहिल्यास तो लागू करणे कठीण आहे.

अमेरिकेत संचमुक्तीला प्रताधिकार कायद्यातून २००६ मध्ये मिळालेली सूट २०१३ मध्ये संपली आणि लोकांच्या मागणीनंतर १ ऑगस्ट २०१४ च्या कायद्याने ती पुन्हा मिळाली. कॅनडाने डिसेंबर २०१७ पासून व ब्रिटनने डिसेंबर २०२१ पासून बांधलेले संच विकण्यास मनाई केली. भारतात संचमुक्ती हा गुन्हा ठरविणारा स्वतंत्र कायदा नाही. मात्र संचाचा ओळख क्रमांक बदलणे ही सर्वस्वी वेगळी गोष्ट असून २०१७ च्या नियमांन्वये ती दंडनीय ठरली व २०२३ च्या दूरसंचार अधिनियमातही तिच्यासाठी तीन वर्षांपर्यंत कारावासाची तरतूद आहे. चोरीस गेलेले संच देशव्यापी नोंदवहीच्या साहाय्याने बंद करण्याच्या योजनेचा प्रारंभ सप्टेंबर २०१९ मध्ये मुंबईत झाला. अशा रीतीने बंद केलेला संच कोणत्याही मुक्तिसंकेताने चालू होत नाही.

मूल्यमापन : सवलत देणाऱ्या कंपनीने वसुली पूर्ण होईपर्यंत संच बांधून ठेवणे एक वेळ समजण्यासारखे आहे; वसुलीनंतरही बंधन टिकविण्यास समर्थन उरत नाही. भिवपुरीच्या विजेवर दिवा लावताना तो कोणत्या कारखान्याचा आहे, हे वीज कंपनीने कधी विचारले नाही. जुना संच मुक्त करण्याने त्याचे आयुष्य वाढते, टाकाऊ विद्युत् सामग्रीत भर पडत नाही आणि नवा संच घेणे न परवडणाऱ्यास तो उपयोगी पडतो. तथापि जाळ्यांच्या पिढ्या बदलत असल्याने या मुक्तीला मर्यादा आहेत. सप्टेंबर २०१६ मध्ये सुरू झालेले जिओचे जाळे चौथ्या पिढीपासूनचे असल्याने दुसऱ्या पिढीचा संच मुक्त असूनही त्यावर चालत नाही. संचाचे कुलूप कारागिराला काढता येते. जुन्या पिढीची जाळी किती काळ चालू ठेवावयाची हा निर्णय मात्र ग्राहकाच्या हाती नसतो, आणि जुन्या संचावरच अवलंबून असलेल्या ग्राहकाच्या दृष्टीने तोच अधिक महत्त्वाचा ठरतो.