एकाच उदाहरणाच्या दोन इयत्ता

दोन मित्र आहेत. पहिला म्हणतो, तू मला शंभर दिलेस तर माझे धन तुझ्या दुप्पट होईल. दुसरा म्हणतो, तू मला दहाच दे, मी तुझ्या सहापट धनवान होईन. तर प्रत्येकाजवळ किती? बाराव्या शतकात भास्कराचार्यांनी ‘बीजगणित’ ग्रंथात घातलेले हे उदाहरण आजच्या पाठ्यपुस्तकांतही भेटते. मला ते महत्त्वाचे वाटते, कारण आचार्यांनी ते दोनदा सोडवले आहे.

एकवर्ण समीकरणाच्या प्रकरणात अव्यक्त एकच, ‘यावत्तावत्’. पहिल्याचे धन दोन यावत्तावत् उणे शंभर आणि दुसऱ्याचे एक यावत्तावत् अधिक शंभर धरायचे. शंभरांची देवघेव होताच दोन आणि एक यावत्तावत् उरतात. म्हणजे पहिली अट मांडणीतच पुरी झाली. दुसऱ्या अटीवरून यावत्तावत् ७० येते आणि धने ४० व १७० ठरतात.

अनेकवर्ण समीकरणात प्रत्येक अव्यक्ताला वेगळे नाव मिळते. पहिले यावत्तावत्, पुढची कालक, नीलक, पीतक अशी रंगांची. इथे पहिल्याचे धन ‘या’, दुसऱ्याचे ‘का’. एका अटीवरून ‘या’ म्हणजे दोन ‘का’ उणे ३००. दुसरीवरून सहा ‘या’ म्हणजे एक ‘का’ अधिक ७०. दोन्हींतून ‘या’ची किंमत काढून समान मांडली, की ‘का’ १७० येतो. उत्तर तेच.

आपल्या राज्याच्या पाठ्यपुस्तकांत एकचल समीकरणे आठवीत येतात, दोन चलांची नववी-दहावीत. त्या हिशेबाने पहिली रीत खालच्या इयत्तेची. पण नीट पाहिले तर चित्र उलटे दिसते. दुसऱ्या रीतीत युक्ती लागत नाही. जे सांगितले ते तसेच लिहायचे आणि धीराने एक अव्यक्त घालवायचे. पहिल्या रीतीत लेखणी उचलण्याआधीच सगळी चतुराई खर्ची पडते. अव्यक्ते कमी, बुद्धीचे काम जास्त. बुद्धी हेच खरे बीज, असे आचार्य मानत.

आचार्यांचे नातू चांगदेव यांनी त्यांच्या ग्रंथांच्या अध्यापनासाठी मठ स्थापला. चाळीसगावजवळच्या पाटण येथील तेराव्या शतकाच्या आरंभीचा शिलालेख त्याची साक्ष देतो. लेख संस्कृतात आहे. शेवटी मात्र मराठी येते आणि बाजारातून मठाला काय मिळावे ते सांगते: घाण्याचे तेल, सुपारी वगैरे. धनाच्या देवघेवीचे हे गणित जिथे शिकवले जाई, त्या मठाच्या खर्चात देवघेव करणाऱ्यांचाही वाटा होता.

म्हणून मला वाटते, इयत्ता उदाहरणाची नसते, रीतीची असते. आठवीतल्या मुलीला हे उदाहरण जरूर द्यावे. पण आपण तिच्याकडे दहावीपेक्षा कठीण गोष्ट मागत आहोत, हे देणाऱ्याला ठाऊक हवे. आणि तिला ते सुटले नाही, तर तिचे गणित कच्चे असा शेरा मारण्याआधी तिच्या हाती एक ‘कालक’ द्यावा.