‘आय ॲम ट्वेंटी’ आणि मराठवाड्याची वीस वर्षे

१९६७ साली फिल्म्स डिव्हिजनने ‘आय ॲम ट्वेंटी’ हा लघुपट काढला. दिग्दर्शक एस. एन. एस. शास्त्री. स्वातंत्र्याबरोबर जन्मलेल्या तरुण-तरुणींना देशाविषयी व भवितव्याविषयी प्रश्न विचारावेत आणि त्यांची उत्तरे एकमेकांसमोर ठेवावीत, एवढीच त्याची रचना. निवेदकाचा उपदेशपर स्वर हा या सरकारी संस्थेच्या पटांचा स्थायीभाव. येथे तो मागे सरतो. एकाच्या उत्साहास दुसऱ्याची उदासीनता छेद देते, आणि देशाविषयी आपणास प्रेम वाटत नाही असे म्हणणाऱ्यासही कात्री लागत नाही. सरकारी खर्चाने परात्मतेची अशी नोंद व्हावी, ही गोष्ट लहान नव्हे. त्या काळी संस्थेचे सल्लागार असलेल्या जाँ भावनगरी यांनी प्रयोगांना दिलेल्या मोकळिकीचा त्यात वाटा आहे.

परंतु इतिहासाच्या अभ्यासकाने पटातील उत्तरांपूर्वी त्याचे गृहीत तपासावे. ‘स्वातंत्र्याबरोबर जन्मलेला’ म्हणजे कोण?

परतूर तालुक्यातील आष्टी हे गाव घेऊ. आज ते जालना जिल्ह्यात आहे. १ मे १९८१ पूर्वी हा तालुका परभणी जिल्ह्यात होता. १५ ऑगस्ट १९४७ रोजी आष्टीत जन्मलेले मूल निजामाचे प्रजाजन म्हणून जन्मले. नोव्हेंबर १९४७ चा ‘जैसे थे’ करार, रझाकारांचा उच्छाद, १३ ते १७ सप्टेंबर १९४८ ची पोलीस कारवाई आणि तिच्यामागोमाग मुसलमान रयतेवर कोसळलेली हिंसा, हे सारे त्याच्या पाळण्यातले. या शेवटच्या प्रकरणाची चौकशी करणाऱ्या सुंदरलाल समितीचा अहवाल पुढे अनेक दशके दडून राहिला, हेही येथे नमूद केले पाहिजे. १९५६ साली ते मूल द्विभाषिक मुंबई राज्यात आले, १९६० साली महाराष्ट्रात. गावची वेस न ओलांडता, वयाची तेरा वर्षे भरण्यापूर्वी, त्याने चार राज्ये पाहिली! घरातील वडीलधाऱ्यांच्या पिढीस कचेरीची उर्दू शिकावी लागली होती; त्याच्या वाट्यास मराठी शाळा आली.

अशा तरुणाच्या दुराव्याचे मूळ स्वातंत्र्योत्तर अपेक्षाभंगात शोधणे अपुरे ठरते. पटाची तिथी दिल्लीची आहे. मराठवाड्याची वीस वर्षे १९६८ च्या सप्टेंबरात भरली. योगायोग असा की, त्याच १९६८ सालचा प्रमोद पती यांचा ‘एक्सप्लोरर’ हा त्याच संस्थेचा लघुपट कोणास काही विचारीतच नाही. त्यात तारुण्य दिसते ते चेहरे, वेगवान दृश्यखंड व ध्वनी यांच्या कल्लोळात. जन्मतारखेची अट तेथे नाही.