लघुपटातला आवाज आणि यवतमाळची शेतकरीण

भारतीय लघुपटात सामान्य माणसाचा चेहरा आधी आला, आवाज फार उशिरा. १९४८ साली मुंबईत सुरू झालेल्या सरकारी फिल्म्स डिव्हिजनचे लघुपट चित्रपटगृहांत मुख्य खेळाआधी दाखवावे लागत. पडद्यावर शेतकरी नांगर धरी आणि बोले मात्र निवेदक. यवतमाळच्या प्रेक्षकाला ऐकू येई ते प्रमाण मराठी. कापूस वेचणाऱ्या बाईची वऱ्हाडी नव्हे. बाहेरच्या चित्रीकरणात आवाज टिपणे अवघड होते आणि एकच लघुपट अनेक भाषांत काढायला निवेदन सोयीचे पडे, हे खरे. तरी लोकांच्या वतीने सरकारनेच बोलायचे, ही समजूत त्याहून बळकट होती.

साठच्या दशकाच्या उत्तरार्धात ज्याँ भावनगरी फिल्म्स डिव्हिजनचे सल्लागार असताना ही चौकट मोडली. एस. एन. एस. शास्त्री यांच्या ‘आय अ‍ॅम ट्वेंटी’मध्ये (१९६७) स्वातंत्र्याच्या वर्षी जन्मलेले तरुण स्वतःच्या तोंडाने बोलले, एकाची उमेद आणि दुसऱ्याचा वैताग शेजारी शेजारी राहिले. प्रमोद पती यांनी ‘एक्सप्लोरर’मध्ये (१९६८) निवेदनालाच रजा दिली आणि ध्वनी व वेगवान दृश्यतुकडे यांवर भिस्त ठेवली. पतींचा प्रयोग धाडसी, पण माणसाची ओळख त्याच्या बोलण्यातून उभी करण्याचे श्रेय शास्त्रींचे. आनंद पटवर्धन यांच्या ‘हमारा शहर’मध्ये (१९८५) तर एक बेघर स्त्री दिग्दर्शकालाच खडसावते आणि ते बोल चित्रपटात तसेच राहिले आहेत.

शेतकरी आत्महत्यांमुळे पुढे कॅमेरे विदर्भाकडे वळले. दीपा भाटिया यांच्या ‘नीरोज गेस्ट्स’मध्ये (२००९) इथली दुःखात बुडालेली घरे दिसतात, कथन मात्र पत्रकार पी. साईनाथ यांच्या आवाजावर चालते.

या घरांतल्या स्त्रियांचा स्वतःचा आवाज आधी रंगमंचावर उमटला. श्याम पेठकर लिखित, हरीश इथापे दिग्दर्शित ‘तेरवं’ या नाटकात आत्महत्याग्रस्त शेतकरी कुटुंबांतल्या स्त्रियांनीच भूमिका केल्या. यवतमाळ जिल्ह्यातल्या वैशाली येडे त्यांपैकी एक. जानेवारी २०१९ मध्ये यवतमाळला ९२वे अखिल भारतीय मराठी साहित्य संमेलन भरले. लेखिका नयनतारा सहगल यांचे उद्घाटनाचे निमंत्रण मागे घेतले गेल्यावर तो मान येडे यांना मिळाला. एकट्या पडलेल्या शेतकरिणीचे जगणे त्यांनी त्या व्यासपीठावरून स्वतः मांडले. मध्ये निवेदक नव्हता. २०२४ मध्ये इथापे यांनीच ‘तेरवं’ पडद्यावर आणले, तेव्हा तिथे व्यावसायिक कलावंतही आले.