तळटीप १७ : ‘ख्वाडा’

ख्वाडा म्हणजे खोडा, अडथळा. मूळ अर्थ गुन्हेगाराचे पाय अडकवण्याचे लाकूड. पाहुण्यांसमोर आपण ‘खोडा’ म्हणतो, घरात ‘ख्वाडा’च. येथे मात्र उल्लेख भाऊराव कऱ्हाडे यांच्या २०१५ साली प्रदर्शित झालेल्या चित्रपटाचा आहे. वनखात्यामुळे जमीन गेलेल्या, मेंढरं घेऊन रानोमाळ हिंडणाऱ्या कुटुंबाची ही गोष्ट. जमीन विकून केलेल्या या पहिल्याच चित्रपटाला ६२व्या राष्ट्रीय पुरस्कारांत परीक्षकांचा विशेष पुरस्कार मिळाला. जागेवरच्या ध्वनिमुद्रणालाही मिळाला, आणि तो मला अधिक मोलाचा वाटतो. पुढे ‘बबन’ (२०१८) आणि ‘टीडीएम’ (२०२३) आले.

लेखकाने कऱ्हाडे यांची तुलना तुर्कस्तानचे दिग्दर्शक नूरी बिल्गे जेलान यांच्याशी केली आहे. ती थोडी ताणलेली आहे: जेलान थबकतात, कऱ्हाडे भिडतात. पण आईवडिलांनाच कॅमेऱ्यासमोर उभे करून जेलान यांनी केलेल्या पहिल्या पूर्ण लांबीच्या चित्रपटाचे (१९९७) नाव ‘कसाबा’. शब्द आपल्या ‘कसबा’चाच. आमचे चाकणही कसब्याचेच गाव. मेंढरांचा कळप आजही इथे कंटेनरांची रांग थोपवून रस्ता ओलांडताना दिसतो.